भाजका भोपळा, मोडाचे मसूर : एका कोशिंबिरीचे विज्ञान

गेल्या पावसाळ्यात विज्ञान शिक्षकांच्या एका शिबिरात आहारावर बोलायला गेले होते. बोलणे संपले, चहा आला आणि माध्यमिक शाळेत शिकवणाऱ्या एक बाई कप हातात घेऊनच माझ्याजवळ आल्या. म्हणाल्या, "मॅडम, कडधान्यांतून लोह मिळतं असं पुस्तकात आहे. मुलांना मी तेच शिकवते. आमच्या मुली मसुराची आमटी, मटकीची उसळ नेहमी खातात. मग आरोग्य तपासणीत निम्म्या मुलींचं हिमोग्लोबिन कमी कसं निघतं? पुस्तक चूक की तपासणी चूक?"

प्रश्न अगदी नेमका होता. उत्तर असे, की दोन्ही बरोबर आहेत. ताटात काय आहे ते पुस्तक सांगते, रक्तात काय पोचले ते तपासणी सांगते. या दोहोंच्या मधल्या पायरीला आपल्या आज्या 'अंगी लागणे' म्हणत. ही पायरी किती अवघड आहे याची कल्पना एका आकड्यावरून येईल. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात १५ ते ४९ वर्षे वयाच्या ५७ टक्के भारतीय स्त्रियांना रक्तक्षय असल्याचे आढळले.

बाईंना उत्तर देताना मी एका कोशिंबिरीचे उदाहरण घेतले. तीच कोशिंबीर आज आपण करून पाहू. करता करता प्रत्येक पायरीला 'असे का?' म्हणून विचारू.

पानगळीच्या दिवसांतला पदार्थ

२००९ साली संशोधनासाठी मी अमेरिकेच्या उत्तर भागातल्या एका विद्यापीठात होते. आपल्याकडे शरद ऋतू म्हणजे चांदणे आणि दिवसा ऑक्टोबरचे चटके. तिकडे ऑक्टोबर म्हणजे पानगळ, गार वारा आणि बाजारात भोपळ्यांच्या राशी. या भोपळ्यांना ते लोक 'हिवाळी' म्हणतात, पण ते हिवाळ्यात पिकत नाहीत. उन्हाळ्यात वाढतात, पानगळीत काढतात आणि जाड, टणक सालीमुळे हिवाळाभर टिकतात, म्हणून हे नाव. साठवणीत त्यांच्यातल्या पिष्टाचे हळूहळू शर्करेत रूपांतर होते, म्हणून काही आठवडे ठेवलेला भोपळा ताज्यापेक्षा गोड लागतो. आपल्याकडेही माळ्यावर किंवा शिंक्यात ठेवलेला भोपळा असाच मुरत असतो.

या दिवसांत तिकडे एक पोटभरीची कोशिंबीर करतात. भाजलेला भोपळा, शिजवलेले अख्खे मसूर, वरून तेल आणि आंबट रस, थोड्या भाजलेल्या बिया. कोमटच खातात. सोबत पाव असला की जेवण झाले.

गंमत म्हणजे यातले दोन्ही मुख्य घटक आपल्या घरचे आहेत. तिकडे लोकप्रिय असलेला बटरनट भोपळा आणि आपल्याकडचे बरेचसे लाल भोपळे एकाच जातीचे, 'कुकुर्बिटा मोशाटा'. भोपळ्याचे हे कूळ मूळचे अमेरिका खंडातले. त्यातल्या एका जातीच्या सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीच्या लागवडीच्या बिया मेक्सिकोतल्या एका गुहेत सापडल्या आहेत. मसूर पश्चिम आशियातला, जवळजवळ तितकाच जुना. आपण ज्याला भिंग म्हणतो त्याचे इंग्रजी नाव 'लेन्स'. हे नाव लॅटिन भाषेतल्या मसुराच्या नावावरून आले, कारण दोहोंचा आकार एक. बहिर्गोल भिंग शिकवताना मुलांच्या तळहातावर एकेक मसूर ठेवून पाहा, व्याख्या पाठ करावी लागणार नाही.

तर त्या ऑक्टोबरमध्ये प्रयोगशाळेतल्या मंडळींचे एकत्र जेवण ठरले. प्रत्येकाने एक पदार्थ आणायचा. मी ही कोशिंबीर करायला घेतली आणि दोन चुका केल्या. मसूर चवदार व्हावेत म्हणून पाण्यात सुरुवातीलाच टोमॅटो आणि लिंबाचा रस घातला. तासभर उकळूनही मसूर दाताखाली कचकच करत राहिले. भोपळ्याच्या फोडी एकाच ताटात दाटीवाटीने भरून भट्टीत ठेवल्या. त्या भाजल्याच नाहीत, गिळगिळीत उकडल्या. रसायनशास्त्रात पदवी घेतलेल्या बाईचे हे कर्तृत्व. मंडळींनी सभ्यपणे खाल्ले. एका सहकाऱ्याने मात्र हसत विचारले, "तू पेक्टिनबद्दल काही वाचलं आहेस का?"

मसूर शिजतात म्हणजे काय होते?

वनस्पतींच्या पेशी एकमेकींना चिकटून असतात त्या मुख्यतः पेक्टिन नावाच्या पदार्थामुळे. विटांच्या भिंतीतला चुना समजा. डाळ शिजते तेव्हा दोन गोष्टी घडतात : पेशींतले पिष्ट पाणी शोषून फुगते आणि हे पेक्टिन तुटून विरघळू लागते. पेशी सुट्या होतात आणि दाणा बोटाने दाबला की चेपतो.

पेक्टिनच्या लांब साखळ्या तुटण्याची क्रिया उदासीन पाण्यात बऱ्यापैकी वेगाने होते. पाणी किंचित आम्लधर्मी झाले की ती फार मंदावते. म्हणजे माझ्या लिंबाने मसुराच्या भिंतीतला चुना पक्का केला होता. आपल्या घरांतही चिंच-आमसूल डाळ शिजल्यावरच घालतात. आमटी करणाऱ्या प्रत्येक घराला हा नियम ठाऊक आहे, कारण माहीत नसेल इतकेच.

दुसरा अडथळा कॅल्शियमचा. कॅल्शियमचे आयन पेक्टिनच्या शेजारशेजारच्या साखळ्यांमध्ये पूल बांधतात. म्हणून विहिरीच्या किंवा बोअरच्या जड पाण्यात डाळ लवकर शिजत नाही. याच गुणाचा उपयोग पेठा करणारे हलवाई करतात. ते कोहळ्याच्या फोडी चुन्याच्या निवळीत भिजवतात, म्हणून पाकात उकळूनही त्या मोडत नाहीत.

खायचा सोडा घातला तर पाणी अल्कधर्मी होते आणि पेक्टिन झपाट्याने तुटते. मात्र त्यात ब-१ जीवनसत्त्वाचाही नाश होतो. शिवाय कोशिंबिरीला दाणा अख्खा हवा, पिठले नको. मिठाबद्दल मात्र एक गैरसमज आहे. मिठाने कडधान्य शिजत नाही असे म्हणतात, पण थोडे मीठ घातलेल्या पाण्यात भिजवले तर सोडियमचे आयन काही कॅल्शियमची जागा घेतात आणि साल उलट मऊ पडते.

मसुराची डाळ शिजून लगेच विरते आणि अख्खा मसूर आकार धरून राहतो, याचे कारणही आता कळेल. डाळीचे साल काढलेले असते, दाणा दुभंगलेला असतो. पेशी सुट्या झाल्यावर त्यांना धरून ठेवणारी पिशवीच उरत नाही. कोल्हापूर-सांगलीकडचा 'अख्खा मसूर' अख्खा राहतो तो या सालीच्या जिवावर.

भोपळा उकडू नये, भाजावा

भोपळ्याच्या गरात शंभरात ८५ ते ९० भाग पाणी असते. जोवर फोडीच्या पृष्ठभागावर पाणी आहे, तोवर तिथले तापमान १०० अंश सेल्सिअसच्या वर जात नाही, मग भट्टी २२० अंशांवर का असेना. एक ग्रॅम पाणी २५ अंशांवरून १०० अंशांपर्यंत तापवायला ७५ कॅलरी उष्णता लागते, पण त्या उकळत्या पाण्याची वाफ करायला आणखी ५४० कॅलरी लागतात. ही अप्रकट उष्णता खर्च होईपर्यंत पृष्ठभाग कोरडा होत नाही.

पृष्ठभाग कोरडा झाला की तापमान चढू लागते. साधारण १४० अंशांच्या पुढे शर्करा आणि अमिनो आम्ले यांच्यात झपाट्याने अभिक्रिया होऊन तपकिरी रंगाचे आणि खमंग वासाचे शेकडो पदार्थ तयार होतात. फ्रेंच शास्त्रज्ञ लुई कामिय मायार यांनी १९१२ मध्ये या अभिक्रियेचे वर्णन केले, म्हणून तिला मायार अभिक्रिया म्हणतात. भाकरीचा पापुद्रा, भाजलेले दाणे, खरपूस रवा, सगळी हिचीच करामत.

फोडी दाटीने ठेवल्या तर एकीची वाफ दुसरीला लागते. पृष्ठभाग कोरडा होत नाही, मायार अभिक्रिया सुरू होत नाही, फोडी नुसत्या वाफवल्या जातात. उपाय सोपा : फोडी सुट्या मांडा, झाकण ठेवू नका.

भोपळ्याचा केशरी रंग बीटा-कॅरोटिनचा. शरीर त्यापासून अ जीवनसत्त्व बनवते आणि ते कमी पडले की रातांधळेपणा येतो. कॅरोटिन पाण्यात विरघळत नाही, मेदात विरघळते. शिजवल्याने पेशी फुटून ते मोकळे होते, पण आतड्यातून आत जाण्यासाठी त्याला तेलाची सोबत लागते. अमेरिकेतल्या आयोवा राज्य विद्यापीठाच्या संशोधकांनी २००४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात काही जणांना पालेभाज्या, टोमॅटो आणि गाजराची तीच कोशिंबीर कधी बिनतेलाच्या, कधी कमी तेलाच्या, तर कधी भरपूर तेलाच्या रसाबरोबर खायला दिली. बिनतेलाच्या कोशिंबिरीनंतर रक्तात नवी कॅरोटिने जवळजवळ दिसलीच नाहीत. म्हणजे ताटात गाजर होते, पण अंगी लागले नाही. त्यासाठी तेलाचा पूर लोटायला नको. एका माणसामागे चहाचा एक चमचा तेल पुरते.

लोहाचा हिशेब

आता बाईंच्या मूळ प्रश्नाकडे येऊ. १०० ग्रॅम कोरड्या मसुरात सुमारे २४ ग्रॅम प्रथिने आणि सुमारे ७ मिलिग्रॅम लोह असते. एका मुलीने ५० ग्रॅम मसुराची उसळ खाल्ली तर पोटात साडेतीन मिलिग्रॅम लोह गेले. पण वनस्पतिजन्य लोहापैकी सामान्यतः शंभरातले ५ ते १० भागच शोषले जातात. ५ टक्के धरले तर रक्तात पोचले ०.१७५ मिलिग्रॅम. शरीरातून रोज सुमारे एक मिलिग्रॅम लोह बाहेर जाते आणि पाळी येणाऱ्या मुलींचे त्याहून जास्त. पुस्तकाचा आकडा आणि तपासणीचा आकडा यांत अंतर पडते ते इथे.

लोह अडते कुठे? कडधान्याच्या बियांमध्ये फॉस्फरसचा साठा फायटेटच्या रूपात असतो. फायटेटचे रेणू लोहाला घट्ट पकडतात. सालीतले टॅनिन तेच करते. या पकडीतून लोह सोडवण्याचे दोन उपाय आपल्या हाती आहेत.

पहिला उपाय मोड आणण्याचा. बी रुजू लागले की आपला फॉस्फरस वापरण्यासाठी ते फायटेज नावाचे विकर कामाला लावते. फायटेट तुटू लागते, लोहाची पकड सैल होते. शिवाय कोरड्या दाण्यात जवळजवळ नसलेले क जीवनसत्त्व मोडांत तयार होते. आपल्या उसळींमागचे हे शहाणपण फार मोठे आहे.

दुसरा उपाय क जीवनसत्त्वाचा. ते फेरिक लोहाचे शोषणयोग्य फेरस रूप करते आणि त्याला विरघळलेले ठेवते. एकेका जेवणावर केलेल्या प्रयोगांत ५० मिलिग्रॅमच्या आसपास क जीवनसत्त्वाने लोहाचे शोषण दुप्पट-तिप्पट झालेले दिसले आहे. रोजच्या मिश्र आहारात एवढा फरक पडत नाही, पण दिशा तीच राहते. इथे लिंबाबद्दल थोडे प्रामाणिक राहिले पाहिजे. आपल्या एका लिंबाच्या पंचवीसेक मिलिलिटर रसात जेमतेम दहा-बारा मिलिग्रॅम क जीवनसत्त्व असते. पेरूच्या ५० ग्रॅम फोडींत मात्र शंभराच्या घरात. आवळ्यात तर त्याहून पुष्कळ. म्हणून माझ्या कोशिंबिरीत मी लिंबाबरोबर पेरू घालते. उष्णतेने क जीवनसत्त्व नष्ट होत असल्यामुळे दोन्ही घालायचे ते सर्वांत शेवटी. गंमत पाहा : मसूर नीट शिजण्यासाठी आंबट शेवटी घालायचे आणि क जीवनसत्त्व टिकण्यासाठीही ते शेवटीच घालायचे.

कृती

चार माणसांसाठी १५० ग्रॅम अख्खे मसूर रात्रभर भिजवा. पाणी टाकून फडक्यात बांधून ठेवा. दिवसभरात बारीक मोड येतील. मोड आलेले मसूर साध्या पाण्यात, कुकर न लावता, मंद आचेवर शिजवा. दहा मिनिटांनंतर दर दोन मिनिटांनी एक दाणा चेपून पाहा. दाणा बोटाने चेपला पण साल फुटले नाही, की लगेच निथळा.

अर्धा किलो गडद केशरी लाल भोपळा घ्या. विळ्याभोपळ्याचे सख्य सर्वांना माहीत आहेच, तेव्हा जपून चिरा. भट्टी असेल तर दोन-अडीच सेंटिमीटरच्या फोडींना दोन चमचे तेल चोळून २०० ते २२० अंशांवर अर्धा तास भाजा, मध्ये एकदा परता. भट्टी नसेल तर लोखंडी तव्यावर सेंटिमीटरभर जाडीच्या फोडी सुट्या मांडून, झाकण न ठेवता, मध्यम आचेवर दोन्ही बाजूंनी डाग पडेपर्यंत भाजा. एका वेळी तव्यात मावतील तेवढ्याच घ्या. घाई केलीत तर माझ्यासारखे होईल. बिया फेकू नका. धुऊन, वाळवून कोरड्या भाजा, त्यांत प्रथिने भरपूर असतात.

रसासाठी चमचाभर मोहरी थोड्या पाण्यात फेसून घ्या. मोहरी फेसली की पेशी फुटतात, एक विकर आपल्या द्रव्याला भेटते आणि नाकात जाणारा झणका तयार होतो. फोडणीत हे विकर उष्णतेने मरते, म्हणून तिथे झणका नसतो. फेसलेल्या मोहरीत दोन लिंबांचा रस, दोन चमचे तेल, मीठ आणि किंचित गूळ घालून घोटा. तेल आणि रस एरवी वेगळे होतात, पण मोहरीतल्या चिकट द्रव्यामुळे तेलाचे थेंब काही वेळ रसात तरंगत राहतात. यालाच पायस म्हणतात. मसूर कोमट असतानाच त्यांत हा रस मिसळा, म्हणजे चव आत मुरते. मग भोपळा, बारीक चिरलेला कांदा, एका पेरूच्या फोडी, कोथिंबीर आणि वरून बिया. सोबत ज्वारीची भाकरी घ्या. मसुराच्या प्रथिनांत लायसिन भरपूर, मेथिओनिन कमी. धान्यात नेमके उलट. दोघे एकमेकांची उणीव भरून काढतात.

वर्गात करून पाहा

पहिला प्रयोग : चार सारख्या भांड्यांत प्रत्येकी २० ग्रॅम मसूर आणि २०० मिलिलिटर पाणी घ्या. एकात काही घालू नका, दुसऱ्यात एका लिंबाचा रस, तिसऱ्यात अर्धा चमचा मीठ, चौथ्यात चिमूटभर खायचा सोडा घाला. आच सारखी ठेवा. आटलेल्या पाण्याच्या जागी उकळते पाणी घाला. दर पाच मिनिटांनी प्रत्येक भांड्यातले पाच दाणे चेपून किती मऊ झाले ते मुलांना नोंदवू द्या. आलेख काढा. लिंबाचे भांडे किती मागे राहते ते मुलेच सांगतील. एका वेळी एकच गोष्ट का बदलायची, हेही याच प्रयोगात शिकवता येते.

दुसरा प्रयोग : लोहाची एक गोळी शिक्षकांनी कुटून अर्धा पेला पाण्यात ढवळावी व गाळावी. त्यात बिनदुधाच्या चहाचा कोरा अर्क घालावा. पाणी काळे पडेल. चहातले टॅनिन आणि लोह यांची ही शाईच आहे. आपल्याकडे हिरडा आणि हिराकस यांपासून काळी शाई करत, तीही याच तत्त्वावर. आता त्यात क जीवनसत्त्वाची कुटलेली गोळी घाला. काळेपणा कमी होत जाईल. मिश्रण कोणी चाखू नये, आणि गोळ्या मुलांच्या हाती देऊ नयेत.

शिबिरात मी हा दुसरा प्रयोग त्या बाईंना तिथल्या तिथे तोंडी सांगितला. जेवणाबरोबर घेतलेल्या चहाने लोहाचे शोषण निम्म्याहून अधिक घटू शकते, हेही सांगितले. बाईंनी हातातल्या कपाकडे पाहिले आणि म्हणाल्या, "आमच्या मुली सकाळी चहा-चपाती खाऊन येतात. दुपारी घरी जेवणानंतर पुन्हा चहा." आपल्या प्रश्नाचा एक तुकडा त्यांना सापडला होता.

एकच तुकडा, हे मात्र लक्षात ठेवले पाहिजे. रक्तक्षयाची कारणे अनेक आहेत : जंत, ब-१२ किंवा फोलेटची कमतरता, मलेरिया, काही भागांत सिकलसेल. ज्या मुलीचे हिमोग्लोबिन कमी आहे तिला डॉक्टरांचा सल्ला आणि लोहाच्या गोळ्या लागतील, कोशिंबिरीने ते काम भागणार नाही. पण ज्या घरात मसूर आधीच शिजतो आहे, तिथे त्याला मोड आणणे, जेवणाशेजारी पेरूची फोड ठेवणे आणि चहा तास-दीड तास पुढे ढकलणे याला फारसा जादा खर्च येत नाही. पुस्तकातल्या 'कडधान्यांतून लोह मिळते' या वाक्यापुढे 'ते अंगी कसे लागते?' एवढा प्रश्न आपण फळ्यावर लिहिला, तर पुढचे प्रश्न मुली घरी जाऊन स्वयंपाकघरातच विचारतील.